मनगट

अंबडच्या कारखान्यात बास्केटबॉल खेळाडू म्हणून नोकरीला लागलो, तेव्हा माझा फ्री थ्रो म्हणजे टीमला ताप होता. चेंडू रिंगला आपटून थेट पार्किंगमध्ये. पहिली पाळी सुटली की आम्ही मैदानावर यायचो, आणि बाकीचे माझी टर उडवत चहाला गेले की येवल्याचा एक मित्र माझ्यासोबत थांबायचा. तो विणकराच्या घरातला. मागावर आडव्या धाग्याचा धोटा या कडेहून त्या कडेला फेकतात तसं मनगट त्यानं मला शिकवलं. "फेकल्यावर हात आखडू नको. सोडून दे ढिला, लोंबू दे."

पुढे त्याचे वडील गेले आणि तो पैठणीच्या मागावर परतला. मी राज्याच्या संघापर्यंत पोहोचलो. ढिल्या लोंबत्या हाताचा माझा शॉट लोक ओळखू लागले. कौतुक मी एकटाच खात होतो. ते मला टोचायचं, पण बोलायची वेळ कधी आली नाही. खरं म्हणजे मी येऊ दिली नाही.

आता गुडघे संपलेत, तोंड शाबूत आहे. त्यामुळे एका स्थानिक चॅनेलवाल्यांनी मला तज्ज्ञ म्हणून बोलावलं. मी मित्राला आधीच फोन केला, "आज तुझं नाव घेणार. बघ नक्की." त्यानं माग थांबवून सगळ्या आळीला गोळा केलं.

निवेदिकेनं पहिलाच प्रश्न विचारला, "हा शॉट कुणी शिकवला?" आणि मी आपल्या सत्कार समारंभांच्या सवयीनं सुरुवात केली. आधी शाळेचे सर, मग प्रशिक्षक, कारखान्याचे साहेब, संघटनेचे आजी-माजी पदाधिकारी. मानाची माणसं सोडून मित्रावर कसं यायचं? शेवटी त्याच्यावर आलो, तर ती गोड हसून म्हणाली, "घेऊया एक छोटासा ब्रेक." ब्रेकनंतर विषय निघाला मुलांच्या आहाराचा, आणि मी मूर्खासारखा नाचणीवर बोलत बसलो.

रविवारी एसटीनं येवल्याला गेलो. रस्ताभर स्वतःला शिव्या घातल्या. मित्र मागावर होता, त्याची आई शेजारी धोट्यात घालायच्या रेशमाच्या कांड्या भरत होती. मी माफी मागू लागलो तसा तो म्हणाला, "जाऊ दे रे, च्या घे." माझ्याकडे बघत मात्र नव्हता.

म्हातारीच बोलली. "तू काय बोलला त्ये मला नाय कळलं बाबा. पण मधी तुझा जुना खेळ दाखवला ना? चेंडू फेकून हात तसाच लोंबत ठेवला व्हता. मी म्हनले, अगं बाई, ह्यो तर माझ्या पोराचा हात हाय!"

मित्रानं मान खाली घालून धोटा फेकला. त्याचा हात क्षणभर तसाच लोंबत राहिला. इतकी वर्षं लोक ज्याला माझा हात म्हणत होते, तो समोर होता. मला रडू आवरलं नाही.