पाचटाचा घागरा

उसाच्या गळिताचा हंगाम संपला की वालचंदनगरच्या वसाहतीत आम्ही नोकरदार मंडळी करमणुकीचा कार्यक्रम करायचो. पन्नास सालानंतरच्या अशाच एका उन्हाळ्यात मी हवाई बेटांचा हुला नाच बसवायला घेतला. कुणी सांगितलं होतं?

आमच्या म्हाताऱ्या इंजिनिअरसाहेबांनी. तरुणपणी ते तिकडच्या साखर कारखान्यात होते. आता निवृत्त होऊन गावी निघाले होते आणि जाण्याआधी तो नाच पुन्हा एकदा बघावा, एवढी एकच त्यांची हौस.

"ते लोक हातांनी गोष्ट सांगतात," साहेब म्हणायचे. "देवांची, डोंगरांची, वाडवडिलांची. नजर सारखी हाताच्या मागं. नुसती कंबर हलवून तमाशा करू नका."

मी शब्द दिला. माझा शब्द फार स्वस्त.

मी आणि दोघे कारकून साहेबांच्या अंगणात घाम गाळू लागलो. हात असा वळला की लाट, बोटं थरथरत खाली आली की पाऊस. घागऱ्याला तिकडे हिरवी पानं लागतात. आमच्याकडे उसाचं वाळलं पाचट ढिगानं पडलेलं. त्याची कूस अंगाला लागली की खाज सुटते, हे कधी फडात न गेलेल्या कारकुनाला कसं कळावं?

पडदा वर गेला. पहिली लाट बरी उठली. दुसरी अर्ध्यातून मांडीकडे वळली. मग पाऊस पडेना, डोंगर उभा राहीना. तिघांचेही हात खाजवण्यात गुंतले. नजर मात्र इमानानं हाताच्या मागं!

"आरं, ह्यो कुठला द्येव म्हनायचा?" प्रेक्षकांतून कुणीतरी ओरडलं.

"खरजूबा!" दुसऱ्यानं उत्तर दिलं.

मांडव कोसळायचा बाकी राहिला. मी दातओठ खात लाटा हाणत होतो.

नंतर बावड्याचे एक ऊसतोडे तात्या पडद्यामागं आले. "झ्याक केलंत बगा! फडातनं घरी गेल्यावरची गत हुबेहूब दावलीत. आमी बी असंच खाजवतो."

"तात्या, ती समुद्राची लाट होती!"

"असंल की. पर खाज लई बेस हुती."

मागे साहेब उभे. आता कानउघाडणी होणार म्हणून मी मान खाली घातली. त्यांनी माझ्याकडे पाहिलंही नाही. चष्मा सावरला, तात्यांसमोर उभे राहिले, हात उचलले आणि संथपणे वळवले.

तात्यांचं हसू थांबलं. "पानी हाय व्हय ह्ये? लांबनं येतंय जनू."

साहेबांनी मान डोलावली आणि पुढचा हात उचलला.

मी मात्र घागऱ्याची निरगाठ सुटेना म्हणून दोरी दातानं ओढत होतो.