एका डोळ्याचा घोडा

मी मुरबाडला एका वाचनालयात काम करतो. भुताखेतांची पुस्तकं कपाटात लावतो, वाचत नाही. अंगात येणं म्हणजे अर्धं दुखणं आणि अर्धं नाटक, असंच माझं मत होतं. तरी हे इथे लिहितोय... भीती वाटली म्हणून नाही, लाज वाटते म्हणून.

माझा थोरला भाऊ मधूदादा नट होता. मोठा नव्हे, पण काम मिळत राहिलेला. नाटकांचे दौरे केले, मालिकांत हवालदार, डॉक्टर, भटजी झाला. एका सिनेमात त्याचा प्रसंग कापला गेला, तरी आम्ही सगळे शेवटची नावं सरकेपर्यंत थिएटरात बसून होतो. आणि दरवर्षी जत्रेआधी आमच्या शेणव्याला येऊन तो गावच्या पोरांचं नाटक बसवायचा. दिग्दर्शन त्याचं, म्हाताऱ्याची भूमिकाही त्याचीच. मी विंगेत, हातात संहिता घेऊन, प्रॉम्प्टर.

या हिवाळ्यात तालमी चालू असतानाच त्याला म्हसा गावाकडे एका ऐतिहासिक मालिकेचं शूटिंग मिळालं. सकाळी निघताना आईशी वाजलं. "साठी आली, अजून तोंडाला रंग फासतोस! लाज नाय वाटत?" त्याने चपला चढवल्या. तिने दिलेला डबा पिशवीत टाकला आणि गेला. दुपारी जेवणाच्या सुट्टीत, सेटवरच, त्याचं हृदय थांबलं.

सामान घरी आलं, डबा आला नाही. शूटिंगच्या मॅनेजरला फोन केला, त्याला काही ठाऊक नव्हतं. आई एकच विचारत राहिली, "खाल्लं असंल का रे त्यानं? का रागानं उपाशीच गेला?"

पोरांनी नाटक थांबवलं नाही. दादाची भूमिका मला दिली, कारण शब्द मलाच पाठ होते.

रंगीत तालीम रविवारी दुपारी, शाळेच्या हॉलमध्ये होती. त्या दिवशी आईने प्रत्येक नटाला कुंकू लावायचं, ही दादाने पाडलेली रीत. विधवा बाईच्या हातचं कुंकू म्हणून सुरुवातीला बायका कुजबुजल्या होत्या, पण तो हटला नाही. मी दादाचा कोट घालून, त्याच्यासारखाच डावा खांदा पाडून उभा होतो. आई वाटी घेऊन माझ्यापुढे आली आणि थांबली.

"त्या दिशी जेवलास का रे?"

मागून कुणीतरी म्हणालं, "मधूदादा आला रे अंगात... पाया पडा!"

मला सहज म्हणता आलं असतं, "आई, मी आहे." पण जन्मभर विंगेत बसलेल्या माणसाकडे आज सगळा हॉल श्वास रोखून बघत होता... आणि मला ते आवडलं. मी दादाचा आवाज काढला.

"जेवलो, आई."

हे वाक्य माझं. ठरवून म्हटलेलं. पण तोंड मिटायच्या आत आणखी शब्द बाहेर पडले — "अर्धी भाकर खाल्ली गो बय. अर्धी घोड्याला दिली, त्या एका डोळ्याच्या."

आई बघत राहिली. मग दादा गेल्यापासून पहिल्यांदाच हसली. "मेल्या, घोड्याला? माझी भाकर?" म्हणाली, आणि तिने जीभ चावली.

नंतर मी स्वतःची समजूत घातली. ऐतिहासिक मालिका, घोडा सुचणारच. पण माणसं घरी येऊन माझ्या पाया पडू लागली. एकाने पोरीच्या लग्नाचंही विचारलं. मी 'नाटक होतं' म्हणालो नाही.

प्रयोगाच्या दिवशी मालिकेतला कपडेपट सांभाळणारा माणूस विचारत विचारत घरी आला. आम्ही त्याला कधी पाहिलेलं नव्हतं. त्याने पिशवीतून घासलेला डबा काढला.

"कपड्यांच्या पेटीत राहिला होता. काका माझ्यासोबतच जेवले. अर्धी भाकरी त्यांनी सेटवरच्या काण्या घोड्याला चारली. मी म्हटलं, काका, मला तरी विचारा! तर म्हणतात, त्याचा रोल आपल्या दोघांपेक्षा मोठा आहे, आधी त्याला."

"हे तुम्ही आधी कुणाला बोलला होतात?" मी विचारलं.

"नाही हो. कुणाला बोलणार?"

तो गेल्यावर मी आईजवळ जाऊन बसलो. "आई, त्या दिवशी मी नाटक केलं. माझ्या अंगात कुणी आलं नव्हतं."

ती डबा फडताळात ठेवत होती. वळलीसुद्धा नाही. "ठाव हाय. मधू मला कधी आई म्हनला नाय, बयच म्हनायचा. तू आई म्हनलास, तवाच वळखलं."

माझी मान खाली गेली.

"पन मंग," ती म्हणाली, "बय म्हनला तो कोन?"

लोक अजून वाकतात, मी पाय मागे घेतो. पहिलं वाक्य माझं होतं, एवढंच खात्रीने सांगू शकतो. ते म्हटलं नसतं तर बरं झालं असतं, असं रोज वाटतं... पण मग दुसरं आलं असतं का?