झिजलेली पाटी

मिलिंदला काही पुसलं गेलेलं खपायचं नाही. सांडगे कधी वाळत घातले तेही हे लिहून ठेवतील, असं त्याची बायको जयवंता चिडवायची. २००९ साली नोकरी सुटली, तेव्हा मेव्हणे हिम्मतराव त्याला सिकंदराबादच्या आपल्या तेलाच्या दुकानात बोलवायला लागले. ते टाळायला त्यानं शेवटचा डाव मांडला. हिम्मतरावांच्याच नारायणगुड्यातल्या हॉस्टेलांत इंटरनेट पुरवायचं. स्वस्त राउटर घ्यायचे, कंपनीचं सॉफ्टवेअर काढून कुणालाही फुकट मिळणारं खुलं सॉफ्टवेअर भरायचं. जयवंतानं भावाकडे शब्द टाकला.

सुरुवात झकास झाली. फक्त लाइट गेली, की कोण कधी जोडलं गेलं ही नोंद पुसली जायची, कारण ती तात्पुरत्या मेमरीत असायची. मिलिंदच्या जिवाला ते लागलं. त्यानं बारीकसारीक नोंदसुद्धा फ्लॅश मेमरीत लिहायला लावली. तिथलं वीज नसतानाही टिकतं.

टिकतं खरं, पण ही मेमरी म्हणजे पाटी. एक अक्षर बदलायचं तरी पाटीचा मोठा तुकडा पुसावा लागतो, आणि दर पुसण्याला ती झिजते. मिलिंदनं हे वाचलं होतं हो! पण विसरण्याचा धसका इतका, की झिजण्याकडे त्यानं काणाडोळा केला. अशा शहाणपणाची भारी चीड येते.

पावसाळा सरेपर्यंत पाट्या झिजून राउटर एकामागून एक बंद पडले. एकच उरला.

"दाजी, पोरं लई परेशान करायलेत," हिम्मतराव म्हणाले. "एवढा तरी सांभाळा. हा बी गेला, तर नक्को हे धंदे. दुकानात या."

मिलिंद धावत हॉस्टेलवर गेला. जयवंताही मागोमाग आली. त्यानं लॅपटॉप जोडला, नोंदी लिहिणं थांबवण्याचा हुकूम दिला, तो जतन केला आणि राउटर बंद करून पुन्हा चालू केला.

दिवे लागले. जयवंताचा चेहरा उजळला. "झालं ना?"

मिलिंदनं पडद्याकडे पाहिलं. राउटर पुन्हा नोंदी लिहायच्या खटपटीत होता. ‘थांब’ हा हुकूमही त्याच पाटीवर लिहायचा होता, आणि पाटी इतकी झिजली होती की नवं काही उमटतच नव्हतं. ‘लिहीत राहा’ हा जुना हुकूम तेवढा शाबूत होता.

"दुकान किती वाजता उघडतं गं?" त्यानं विचारलं.