शेरूला कळलेलं

आज दहीभात कालवताना शेरू आठवला. त्याचंही हेच जेवण.

ऐंशीच्या दशकात, अमेरिकेत शुगर लँडला, आमच्या निखिलच्या टीचरने सांगितलं, घरी मुलाशी इंग्रजीच बोला. आम्ही ऐकलं. मग ह्यांचं सगळं मराठी कुत्र्याच्या वाट्याला आलं. ऑफिसातून आले की गॅरेजच्या पायरीवर बसून शेरूला दिवसभराचं सांगायचे.

शेवटच्या दिवशी व्हेटच्या गार टेबलावर तो थरथरत होता. हे त्याच्या कानाशी वाकले. "झोप राजा, मी आहे इथेच." थरथर थांबली, शेपटी जराशी हलली.

तेव्हा मी शेरूसाठी रडले. आता रडू येतं ते त्या वेळी शेजारी उभ्या निखिलच्या प्रश्नाने.

"डॅड, व्हॉट डिड यू टेल हिम?"