शुद्धिपत्रातला लेफ्ट आउट

जगन्नाथ विनायक टेंबे यांना अर्ज लिहायची हौस होती. काही लोकांना दुसऱ्याच्या लग्नात पंगतीत वाढायला आवडतं, तसं यांना दुसऱ्याचा अर्ज लिहायला आवडायचं. न्यू जर्सीतल्या पार्सिपनीत कुणाच्या सासूचा व्हिसा अडला की तो मनुष्य टेंब्यांच्या टाइपरायटरपाशी यायचा. न आला, तर टेंबे त्याच्याकडे जायचे. १९८६ सालच्या जूनमध्ये ते असेच आपण होऊन खालच्या मजल्यावर गेले आणि पुढचे तीन महिने पस्तावले.

खालच्या मजल्यावर त्र्याऐंशी वर्षांचा एक स्पॅनिश म्हातारा एकटा राहत असे. टपालपेटीवर त्याने थरथरत्या अक्षरांत नाव लिहिलं होतं, ‘अन्सेल्मो इतुर्बे रुईझ’. टेंबे त्या नावावरच खूश झाले. अमेरिकेत अठरा वर्षं लोकांनी त्यांच्या ‘विनायक’चं कधी नुसतं ‘व्ही’ केलं होतं, कधी त्याला सरळ गाळलं होतं. इथे मात्र एक माणूस स्वतःचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव अशा शिस्तीत पेटीवर उभा होता. “मालिनी, हा आपल्यातला वाटतो,” असं त्यांनी बायकोला सांगितलं. मालिनीबाई इस्पितळाच्या लॅबमध्ये दिवसभर रक्त तपासून आलेल्या असत. त्या फक्त “हं” म्हणाल्या.

म्हाताऱ्याच्या डोळ्यांत मोतीबिंदू पिकला होता. मेक्सिकोतला वर्ल्ड कप तो टीव्हीच्या काचेला नाक लावून बघायचा आणि तरीही रेफ्रीच्या चुका त्याला स्पष्ट दिसायच्या. तरुणपणी तो स्पेनमध्ये अल्देमार नावाच्या बंदराच्या क्लबात फुटबॉल खेळला होता. तिथलं मैदान समुद्राला लागून होतं. भरतीला उजवा कोपरा पाण्यात जायचा, म्हणून हुशार पोरं लेफ्ट आउटची जागा मागून घेत. हाही लेफ्ट आउट. चेंडू वादीने बांधलेला असे. त्या वादीवर डोकं आपटलं की कपाळावर वळ उठायचा आणि रविवारी चर्चमध्ये कोण कोण खेळलं ते पाद्र्याला कपाळावरून कळायचं.

१९२७ साली तो बोटीत बसून न्यू जर्सीला आला आणि एका रेशमाच्या गिरणीत लागला. गिरणीची टीम होती. गुडघा मोडेपर्यंत तीत खेळला आणि मोडल्यावर मॅनेजर झाला. एकोणीस वर्षं मॅनेजर. हे ऐकून टेंब्यांची मान आदराने झुकली. मग खुलासा झाला, की मॅनेजर म्हणजे चुन्याने रेघा मारणारा, अकरा जर्सी धुऊन वाळत घालणारा आणि सेंटर हाफच्या बायकोला ‘नवरा प्रॅक्टिसलाच होता’ असं शपथेवर सांगणारा इसम. गिरणी बंद पडल्यावर त्याने शाळेत झाडलोट केली. तिथे जर्सी धुवाव्या लागत नाहीत म्हणून पहिलं वर्षभर त्याला करमलं नव्हतं म्हणे.

तर गोष्ट अशी झाली, की नेवार्कच्या न्हाव्याने त्याला स्पॅनिश पेपरातलं एक निवेदन वाचून दाखवलं. अल्देमारच्या क्लबाला पंचाहत्तर वर्षं होत होती आणि आजवरच्या सगळ्या खेळाडूंच्या नावांचं पुस्तक निघणार होतं. हयात खेळाडूंनी जुलैअखेर नाव कळवावं. म्हाताऱ्याने टेंब्यांना एवढंच सांगितलं, की त्याच्या टीममधले बाकी दहा जण गेले, घरी एक फोटोसुद्धा नाही. पुस्तकात नाव आलं नाही, तर तो खेळला होता हे फक्त त्याच्या गुडघ्याला माहीत राहील.

टेंब्यांनी त्याच संध्याकाळी कागद चढवला. विषय, संदर्भ, सविनय निवेदन, सगळं इंग्रजीत, रीतसर. आडनाव: रुईझ. नाव: अन्सेल्मो. वडिलांचं नाव: इतुर्बे. पुढे कंसात ‘ए. आय. रुईझ’. मॅनेजरपदाच्या खाली ‘हाताखाली अकरा कर्मचारी’ अशी भरही त्यांनी घातली. म्हाताऱ्याला वाचता येत नव्हतं, त्याने दाखवलेल्या जागी सही केली.

पाच आठवड्यांनी उत्तर आलं. पाकिटावर ‘सेन्योर विनायक’. टेंबे तिथेच चिडले. त्यांचे वडील चिपळूणला मास्तर होते आणि वारून नऊ वर्षं झाली होती. आत मोडक्या इंग्रजीत लिहिलं होतं, की रुईझ नावाचा कुणीही क्लबाकडून कधी खेळलेला नाही.

ते वाचून दाखवल्यावर म्हाताऱ्याने टीव्ही बंद केला. गुडघा चोळला आणि म्हणाला, “पुन्हा लिही.”

टेंब्यांनी पुन्हा लिहिलं. या वेळी ‘रुईझ’ मोठ्या लिपीत, खाली दोन रेघा. शिवाय सेक्रेटरीला चार खडे बोल. दरम्यान म्हातारा रोज नवीन पुरावे आठवू लागला. कधी एका बुटाचा खिळा, कधी गोलकीपरचा वाकडा दात, कधी मॅच बघायला आलेली एक गाय. टेंबे कामावरून दमून आले की जिन्यातच त्यांना हाक यायची, “टेंबे, गाईचं लिहिलंस का?” पंपांचं डिझाइन करणाऱ्या माणसाने गाईचं काय लिहायचं? ते मागच्या जिन्याने येऊ लागले. म्हातारा मागच्या जिन्याशी खुर्ची टाकून बसू लागला.

ऑगस्टच्या सत्तावीस तारखेला दुसरं उत्तर आलं. क्लबात एक रुईझ होता खरा, पण तो अजून तिथेच गवत कापतो. तरी सेन्योर विनायक यांनी कृपया आता त्रास देऊ नये.

टेंब्यांनी पत्र जेवणाच्या टेबलावर आपटलं. म्हातारा थापाड्या निघाला होता. जर्सी, गाय, भरती, सगळ्या थापा. आत्ता खाली जाऊन तोंडावर सांगतो म्हणत ते उठले. मालिनीबाईंनी पोळी तव्यावरून उतरवली आणि पाकीट हातात घेतलं.

“हे सेन्योर विनायक कोण?”

“मीच. मूर्ख आहेत लेकाचे. मेलेल्या माणसाला पत्र पाठवतात.”

“मूर्ख नाहीत हो. त्यांच्यात मधलं ते आडनाव असतं. शेवटचं आईच्या माहेरचं.”

टेंबे उभ्याचे बसले. “तुला कुणी सांगितलं?”

“अकरा वर्षं रक्ताच्या बाटल्यांवर लेबलं लावतेय. रोज एखाद्या स्पॅनिश माणसाच्या दोन बाटल्या निघतात, एक बापाच्या नावाची, एक आईच्या. इतुर्बे हे आडनाव झालं त्यांचं.”

“मग तीन महिने मी इथे काय बडवतोय ते दिसत नव्हतं तुला?”

“ऐकू येत होतं. ड्राफ्ट कधी दाखवलात? मराठी मंडळाच्या स्मरणिकेत लोकांच्या चुका काढणारे तुम्ही.”

त्या रात्री टेंब्यांना पोळी गोड लागली नाही. सकाळी ऑफिसला जाण्याआधीच ते खाली गेले. म्हातारा अंडं उकडत होता.

“रुईझ हे तुमचं आडनावच नाही,” टेंबे म्हणाले.

“नाही. आईचं.”

“तीन महिने मी तुम्हाला मिस्टर रुईझ म्हणतोय. एकदा तरी बोलायचं.”

“बोटीवरून उतरलो तेव्हा कारकुनाला बोललो होतो,” म्हातारा म्हणाला. “तो म्हणाला, नेक्स्ट. मग गिरणीत सांगितलं, शाळेत सांगितलं. साठ वर्षं कोण सांगत बसणार? आणि तू तर इतका शिकलेला माणूस. मला वाटलं, तुला ठाऊक असेल.”

टेंब्यांना राग येत होता, पण तो ठेवायला जागा नव्हती. म्हाताऱ्यावर ठेवावा तर तो अंडं सोलत होता. मालिनीवर ठेवावा तर ती बरोबर होती. ते तसेच वर आले आणि स्पेनला फोन लावला. तिकडे दुपार झाली होती. घंटा वाजत राहिली. तासाभराने पुन्हा लावला, तरी कुणी उचलेना. सेक्रेटरी जेवून झोपला असावा. टेंब्यांनी आयुष्यात पहिल्यांदा ऑफिसला उशिरा येतो असं कळवलं आणि पुन्हा लावला.

शेवटी सेक्रेटरी उठला. इतुर्बे म्हटल्यावर त्याने वही उघडली आणि तोही थक्क झाला. अन्सेल्मो इतुर्बे, लेफ्ट आउट, पाच सीझन. होता की. पण छापणाऱ्याला दिलेल्या यादीत हे नाव उतरवायचं राहून गेलं होतं, आणि पुस्तक कालच छापून झालं होतं. आता इलाज नव्हता.

“शुद्धिपत्र काढा,” टेंबे म्हणाले.

सेक्रेटरीला ते काय असतं ते माहीत नव्हतं. शुद्धिपत्राशिवाय पुस्तक निघतं यावर टेंब्यांचा विश्वास बसेना. त्यांच्या मंडळाची स्मरणिका सात वर्षं निघत होती आणि एका वर्षी तर शुद्धिपत्र संपादकीयापेक्षा लांब झालं होतं. त्यांनी फोनवरच सगळं समजावलं. कागदाचा आकार, पान क्रमांक, ओळ, ‘असे वाचावे’. नाव एकेक अक्षर करून तीनदा सांगितलं आणि तीनदा वदवून घेतलं. सेक्रेटरी शेवटी म्हणाला, की त्याच्या लग्नातसुद्धा पाद्र्याने त्याच्याकडून इतकं वदवून घेतलं नव्हतं.

ऑक्टोबरात पुस्तक आलं. आत एक सुटी चिठ्ठी होती. ‘पान त्रेसष्ट. ओळ नऊनंतर वाचावे: अन्सेल्मो इतुर्बे रुईझ, लेफ्ट आउट, नंतर अमेरिकेत मॅनेजर.’

टेंब्यांनी ते मोठ्याने वाचलं. म्हाताऱ्याने पुन्हा वाचायला लावलं. मग बोट पुढे केलं आणि ते नावावर टेकवून मागितलं. टेंब्यांनी टेकवलं. मालिनीबाई चहाचे कप घेऊन दारात तशाच उभ्या राहिल्या.

म्हाताऱ्याचं समाधान जेमतेम दोन मिनिटं टिकलं. सुटी चिठ्ठी उडून जाईल, हरवेल, मग पुन्हा आपण नाहीच. ती चिकटवून टाक. टेंबे वर जाऊन डिंक घेऊन आले, चारही कडांना नीट लावला, चिठ्ठी पान त्रेसष्टवर ठेवली आणि तळव्याने दाबली.

“खाली कुणाचं नाव होतं?” म्हाताऱ्याने विचारलं.

टेंब्यांनी चष्मा वर केला. “दहाव्या ओळीवर होता कुणी तरी. सालाबार्रिया.”

“माझ्यानंतरचा लेफ्ट आउट. उजव्या पायाचा होता बिचारा.” म्हाताऱ्याने बशीत चहा ओतला. “त्याला का झाकलंस? फक्त वरची कड चिकटवायची. उचलून वाचता आलं पाहिजे.”

“आधी सांगायचं होतं,” टेंबे दात आवळून म्हणाले.

“तू इंजिनियर. मला वाटलं, तुला ठाऊक असेल.”

डिंक सुकायला लागला होता. टेंबे नखाने चिठ्ठीचा कोपरा सोडवत बसले, आणि मालिनीबाई कप खाली ठेवून वर बारीक चिमटा शोधायला गेल्या.