शिव्या तेलाले, दोष थंडीचा

मंडळी, आज दुपारी जीव भांड्यात पडला.

मंगरूळपीरले आमचा चिप्सचा लहानसा कारखाना हाय. पंधरा दिवसांमागं कोल्ड स्टोरेजचे बटाटे आणले अन् लगेच कापून तळले. सारे चिप्स काळपट, कडू निघाले. तेल खराब दिलं म्हणून मी तेलवाल्याले नाही नाही ते बोललो.

तळणाऱ्या शांताबाई म्हणाल्या, "भाऊ, तेलाले काहून बोलता? थंडीत बटाटा गोड होते, अन् गोड बटाटा तळला का करपते. पंधरा दिवस बाहेर राहू द्या त्याले."

उरलेली पोती शेडमध्ये उबेत ठेवली. आज त्यातले चार बटाटे त्याच तेलवाल्याच्या तेलात तळून पाह्यले. चिप्स पिवळेधमक, कुरकुरीत.

शांताबाईनं एक खाल्ला अन् विचारलं, "झालं काय तेल चांगलं?"

आता तेलवाल्याले फोन लावून राह्यलो. माफी कशी मागू, तुमीच सांगा.