जोतीची ओटी आणि किन्हीराजाची फायनल

वाशीमहून मालेगावची एसटी मी अगदी व्यवस्थित पकडली, आणि तिथून किन्हीराजाला जाणाऱ्या जीपमधून मात्र एक फाटा पुढे जाऊन उतरले. चूक माझीच. खिडकीतून पळस बघत बसले होते. पाठीवर पिशवी टाकून उन्हात मागे चालायला लागले, तर मेथीच्या जुड्या डोक्यावर घेतलेल्या एका आजीबाईंनी हटकलं.

"कुठं चालल्या बाई?"

"किन्हीराजाला. बायकांची क्रिकेटची फायनल बघायला."

"मंग पाय उचला. टॉस झाला असन," म्हणाल्या आणि स्वतःच माझ्या पुढे निघाल्या. मी सांगलीची, आमच्या घरात क्रिकेट म्हणजे सोफा आणि नवऱ्याच्या हातातला रिमोट. टॉससाठी घाई करणारी सत्तरीची बाई मी जन्मात पाहिली नव्हती.

मला इथे बोलावलं होतं शोभाने. अकोल्याच्या एका प्रशिक्षणात आमची गट्टी जमली, ती आजतागायत टिकली आहे. गावालगत तिचा भाजीपाल्याचा मळा आहे, वांगी, मेथी, कोथिंबीर, सगळं रिसोड-मालेगावच्या बाजारात जातं. गेली काही वर्षं फोनवर तिचं एकच पालुपद, "एकदा येऊन तं पाय, आमच्या पोरी काय खेळून राह्यल्या."

हरभरा निघून गेलेलं एक मोठं सपाट वावर (शेत), हेच मैदान. मध्यभागी खेळपट्टी बघून मी थबकले. मळणीआधी खळं सारवतात तशी ती शेणामातीने सारवलेली होती. दोन्ही गावच्या बायकांनी आदल्या दिवशी एकत्र बसून सारवली होती म्हणे, म्हणजे नंतर पिचवरून भांडण नको. तळव्यांचे अर्धगोल अजून दिसत होते. इतकी सुंदर खेळपट्टी मी टीव्हीवरही पाहिलेली नाही, आणि हे मी शोभाला खूश करायला सांगत नाही.

जेवण आधी, सामना नंतर. पंगतीत रोडगे (गोवऱ्यांच्या निखाऱ्यांवर भाजलेले कणकेचे गोळे) आणि वांग्याची भाजी. मी रोडगा तसाच चावायला गेले आणि दात हलला की काय असं वाटलं. शेजारच्या पोरीने हसून तो माझ्या पानात कुस्करला, वर तूप ओतलं. ही पोरगी किन्हीराजाची ओपनिंग बॉलर होती. कोपरापर्यंत बांगड्यांचे ओरखडे, नखांत माती. सकाळी गहू सोंगून (कापून) आली होती आणि आता धावत येऊन चेंडू टाकणार होती. मी नुसती जिना चढून आले तरी दहा मिनिटं बसते.

फायनल किन्हीराजा आणि इंझोरी यांच्यात होती. शोभा माझ्याजवळ येऊन बसली. तिच्या मांडीवरच्या पिशवीत नारळ आणि खण होता.

"हे काय गं?"

"ओटीचं. आमच्या स्पर्धेत रीत हाये. सासरकडून खेळणारी पोरगी माहेराशी खेळाले आली, तं मॅच झाल्यावर माहेरानं तिची ओटी भराची. जे घर ओटी भरीन, त्यायनं तिले जेवू घालूनच धाडाचं." तिने इंझोरीच्या घोळक्यातल्या एका उंच मुलीकडे बोट दाखवलं. "ते जोती. इथलीच लेक. तिनं इंझोरीचा पोरगा स्वतः पसंत केला. तवापासून बाप बोलत नाई तिच्याशी, मायलेही जाऊ देत नाई. मागच्या साली घरचं कोणी आलंच नाई, मंग म्याच भरली ओटी. लई रडली बापा ते."

"आणि बाप कोणता?"

शोभाने मैदानाकडे मान केली. बॉलरच्या बाजूच्या स्टंपांमागे पांढऱ्या इस्त्रीच्या शर्टातले पंच उभे होते. नामदेवराव. गावच्या शाळेतले खेळाचे निवृत्त मास्तर. जोतीला बॅट धरायला त्यांनीच शिकवलेलं. रिसोडचे ठरलेले पंच वेळेवर पोचले नाहीत, तेव्हा इंझोरीच्याच बायका म्हणाल्या की नामदेव सर चालतील, ते खोटं देत नाहीत.

किन्हीराजाची बॅटिंग आधी झाली. काय सांगू, मी तोंडात बोट घालून बसले होते. इंझोरीची लुगड्यातली एक काकू थर्डमॅनकडून अशी धावत आली आणि पदर खोचून असा थ्रो केला की स्टंप आडवा. मघाच्या माझ्या मेथीवाल्या आजी सीमारेषेवरून चक्क समोरच्या इंझोरीची फील्डिंग लावत होत्या आणि इंझोरीची कप्तान त्यांचं ऐकतही होती.

मग इंझोरी खेळायला आली. पहिली विकेट पडली आणि जोती चालत आली. शोभाने माझा हात दाबला. गार्ड (बॅट कुठल्या स्टंपासमोर धरायची ती खूण) मागायचा तर पंचाशी बोलावंच लागतं. जोतीने क्रीजवर बॅट टेकवली. मान वर न करता म्हणाली,

"सर, मिडल."

शाळेत म्हणायची तसंच, सर. नामदेवरावांनी बराच वेळ स्टंपांकडे पाहिलं. एक बोट हलवलं. "जराशी आत घे. हं. मिडल."

एवढंच.

त्या पोरीने मग काय बॅटिंग केली! चेंडू टेनिसचा, सारवलेल्या पट्टीवर खाली राहणारा, आणि ही वाकून अलगद गॅपमध्ये ढकलायची, पळायची, परत पळायची. बाप चौकाराचा हात हलवायचा तेव्हा चेहऱ्यावरची रेष हलत नव्हती. शेवटच्या ओव्हरला पाच धावा हव्या होत्या. मी कोणाच्या बाजूने आहे हे मला कळेनासं झालं होतं.

माझी रोडगेवाली बॉलर धावत आली. जोतीने बॅट फिरवली, चेंडू विकेटकीपरच्या हातात. किन्हीराजाच्या साऱ्या पोरी एकदम ओरडल्या. टेनिसच्या चेंडूची कट (बॅटला निसटता स्पर्श) ऐकू येत नाही, त्यात मंडपात भोंगा वाजत होता. नामदेवरावांनी मान हलवली. "नाई."

मग मंडपातून कोणीतरी म्हणालं, "लेक हाये ना, कायले देते तो आऊट?"

ते नामदेवरावांना ऐकू गेलं. त्यांचे कान लाल झालेले मला इतक्या लांबून दिसले. जोतीलाही ऐकू गेलं. तिने बॅट काखेत घेतली आणि ती चालायला लागली. बॉलरच्या स्टंपांपाशी थांबली.

"बाबा, लागला होता."

नामदेवरावांनी एकदा तिच्याकडे पाहिलं. मग त्यांनी सावकाश बोट वर केलं.

इंझोरी दोन धावांनी हरली.

ओटीसाठी बायका गोल करून उभ्या राहिल्या. जोतीच्या अंगात ट्रॅकपँट आणि टीशर्ट, ओटी घ्यायला पदर नाही, म्हणून शोभाने स्वतःची ओढणी तिच्या खांद्यावरून टाकली आणि नारळ काढायला पिशवीत हात घातला.

"थांब शोभे," नामदेवराव मागून म्हणाले. त्यांच्या मागे एक बारीकशी बाई उभी होती, तिच्या ओंजळीत गहू होते. "तिची ओटी तिची माय भरीन." मग जोतीकडे न बघता, जमिनीकडे बघून म्हणाले, "भरीत केलं तिनं. जेवून जाय."

जोती आईच्या गळ्यात पडली आणि ओढणीसकट खाली बसली. मी रडले, शोभा रडली, बॉलरही रडली. मेथीवाल्या आजींनी तेवढ्यात सगळ्यांना दटावलं की पोरीले उपाशी ठेवू नका.

दुसऱ्या दिवशी निघताना शोभाने तो उरलेला नारळ माझ्या ओटीत घातला. मालेगाव, वाशीम आणि पुढचा रात्रभराचा प्रवास, मी तो मांडीवर धरून बसले होते. एवढ्या बायका एका वावरात आपलं सगळं पणाला लावून खेळल्या आणि मी ते बघायला होते, याचंच मला राहून राहून अप्रूप वाटत होतं.

घरी पोचले तेव्हा नवरा सोफ्यावर, टीव्हीवर मॅच चालू.

"काय मग, कोण जिंकलं तुझ्या फायनलमध्ये?"

"जोती आऊट झाली," मी म्हणाले.

"म्हणजे हरली बिचारी."

"नाही हो. माहेरी जेवायला गेली."